तुर्की फुटबॉलचे खालचे मजले: घसरगुंडी सुरू झाली की थांबते कुठे?

उंडगा

मंडळी, बरेच दिवस लिहीन लिहीन म्हणत होतो. कंपनीने दोन वर्षांसाठी बुर्साला पाठवलंय, गाड्यांचे पार्ट बनवायचं काम, म्हणजे चाकण सोडून चाकणलाच आलो म्हणा, फक्त इथे मागे उलुदा डोंगर आणि त्यावर बर्फ. आल्या आल्या शॉपवरचा एक कलीग म्हणाला रविवारी मॅचला चल. मी खूश, म्हटलं चला गालातासराय नाहीतर फेनरबाहचे बघायला मिळणार. तर हा म्हणतो, नाही, बुर्सास्पोर, ३. लीग.

३. लीग म्हणजे तिसरी नाही बरं का, चौथी. वरती सुपर लीग, तिच्याखाली १. लीग, मग २. लीग, मग ३. लीग. २००१ पर्यंत सगळ्यात वरच्या लीगलाच १. लीग म्हणायचे, मग तिचं नाव सुपर लीग केलं आणि पुढे काही वर्षांत खालच्यांची नावं एकेक घर वर सरकली. आमच्या सोसायटीत तळमजल्याला पहिला मजला म्हणतात त्यातलाच प्रकार.

मला वाटलं चौथ्या पातळीची मॅच, दोनशे माणसं असतील, म्हातारे काका लोक आणि एखादं कुत्रं. गेलो तर स्टेडियम ४३ हजारांचं, बाहेरून अख्खी हिरवी मगर, आणि वरचे दोनचार पट्टे सोडले तर भरलेलं! बायका, पोरं, आज्या. सगळ्यांच्या हातात सूर्यफुलाच्या बियांची पुडी, पायाखाली सालींचा थर. समोर कुठल्याशा छोट्या गावाच्या नगरपालिकेची टीम, त्यांची पोरं पब्लिक बघूनच अर्धी गार झालेली.

आता ऐका. हीच बुर्सास्पोर २०१० ला सुपर लीगची चॅम्पियन आहे. १९५९ पासून आजवर फक्त सहा क्लबांना हे जमलंय, तीन इस्तंबूलचे दादा (गालातासराय, फेनरबाहचे, बेशिक्ताश), मग त्राब्झोनस्पोर, बुर्सास्पोर आणि २०२० ला बाशाकशेहिर. त्या शेवटच्या दिवसाचा किस्सा इथे प्रत्येक चहाच्या टपरीवर ऐकायला मिळतो. बुर्साने घरच्या मैदानावर बेशिक्ताशला २-१ हरवलं, तिकडे फेनरबाहचेची त्राब्झोनशी १-१ बरोबरी. पण फेनरच्या मैदानात माईकवाल्याने चुकून सांगितलं की बुर्साची मॅच २-२ सुटली. झालं, पब्लिक मैदानात, मिठ्या, रडारड, आपणच चॅम्पियन. मग कळलं. आमचा कलीग ही गोष्ट सांगताना आजही टेबलावर हात आपटतो. एका पॉइंटने गेलं त्यांचं.

तर हीच टीम २०१९ ला सुपर लीगमधून खाली, २०२२ ला १. लीगमधून खाली, २०२४ ला २. लीगमधून पण खाली. पाच वर्षांत तीन मजले. २०२५ मध्ये एक मजला वर आले, म्हणजे २. लीगमध्ये.

माझा प्रश्न असा की चॅम्पियन टीम इतकी खाली जाते कशी? म्हणजे एकदा पडली, कळलं. पण तीनदा? मध्ये कुठे धरायला दांडा नाही का? जाणकारांनी प्रकाश टाकावा.

---

एफएमवेडा

उंडगा दादा जबरी धागा!! मी तुर्कीला कधी गेलो नाही पण फुटबॉल मॅनेजर गेममध्ये तिथल्या खालच्या लीग चार वर्षं खेळतोय त्यामुळे थोडंफार ठाऊक आहे.

१. लीगमधून पहिले दोन सरळ वर जातात, तिसऱ्या जागेसाठी ३ ते ७ नंबरवाल्यांची प्ले-ऑफ. त्यातली गंमत म्हणजे तिसरा नंबर घरी बसून वाट बघतो, बाकीचे चौघं आपसात मारामारी करतात आणि जो उरतो तो तिसऱ्याशी फायनल खेळतो. २०२४-२५ च्या सीझनला कोजाएलीस्पोर आणि गेंचलेरबिर्लीई सरळ गेले, फातिह काराग्युमरुक प्ले-ऑफमधून.

२. लीगचे दोन गट, बेयाझ आणि किर्मिझी, पांढरा आणि लाल, म्हणजे झेंड्याचेच रंग. ३. लीगचे चार गट. गटाचा चॅम्पियन सरळ वर, बाकीच्यांना प्ले-ऑफचं भांडण. त्याच्या खाली बीएएल म्हणजे प्रादेशिक हौशी लीग, २०१० ला सुरू केलेली, तिच्यात ८१ जिल्ह्यांतून टीम येतात, तिथून पुढे प्रोफेशनल संपलं.

आणि एक मोठी गोष्ट, २. आणि ३. लीगमध्ये परदेशी खेळाडू चालतच नाहीत. म्हणजे १. लीगमधून पडलात की ब्राझीलवाले आफ्रिकावाले सगळे सोडायचे, टीम मुळापासून नवी बांधायची. तुमचा दांडा तिथेच निसटतो बघा.

---

रानजाई

किर्मिझी म्हणजे आपला किरमिजी! आजीच्या तोंडी असायचा तो शब्द, किरमिजी लुगडं. छान वाटलं वाचून.

---

उंडगा

ताई असे ढिगाने सापडतात. फॅनला इथे तारफ्तार म्हणतात, म्हणजे आपला तरफदार. रेफ्रीला हाकेम, आपल्या हुकुमाच्याच खानदानातला. गोलपोस्टला काले म्हणतात, म्हणजे किल्ला, आणि गोलकीपर कालेजी, म्हणजे किल्लेदारच की! मी ऑफिसात हे सांगितलं तर पाच मिनिटं सगळे गप्प आणि मग एकाने चहा पाजला.

---

हिशेबनीस

मैदानात काय होतं मला ठाऊक नाही, मी ताळेबंद बघणारा माणूस. उंडगा, तुमच्या प्रश्नाचं उत्तर ऑफसाइडमध्ये नाही, चलनात आहे.

२०१० साली युरो साधारण २ लिराला मिळायचा. २०२५ च्या ऑक्टोबर-नोव्हेंबरला ४८-४९. क्लबची कमाई कशात? तिकीट, शर्ट, टीव्हीचा वाटा, सगळं लिरात. परदेशी खेळाडूचा करार कशात? युरोत. खेळाडू निघून गेला तरी थकलेला पगार युरोतच उभा राहतो, आणि लिरा घसरला की काही न करता कर्ज वाढत जातं. पावसात भिजलेलं गोणपाट डोक्यावर घेऊन चालल्यासारखं, वजन तेवढंच घेतलं होतं पण जड होत चाललंय.

त्यात तुम्ही खालच्या लीगमध्ये पडलात की टीव्हीचे पैसे आटतात. कर्ज मात्र सुपर लीगचंच. मग तो जुना खेळाडू फिफाकडे जातो, फिफा म्हणते आधी त्याचे द्या, तोवर नवीन खेळाडूची नोंदणी बंद. याला तिथे ट्रान्सफर बंदी म्हणतात. मग काय, अकादमीतली पोरं उतरवायची, ती हरतात, अजून एक मजला खाली. तरी नाही दिले तर पॉइंट कापतात. येनी मालात्यास्पोर २०२४-२५ ला सीझनच्या शेवटी शून्याच्याही खाली होती. उणे! टेबलात उणे आकडा मी फक्त सहकारी संस्थेच्या अहवालात बघितला होता.

---

सदू_मिडफिल्डर

हिशेबनीस साहेब पण कर्ज काढतं कोण? कंपनी आहे का मालक आहे?

---

हिशेबनीस

बरेच जुने क्लब संस्था आहेत, सभासद असतात, सर्वसाधारण सभा असते, अध्यक्ष निवडून येतो. आता तुम्हाला चित्र दिसलंच असेल. निवडणुकीच्या आधी पॅनल येऊन सांगणार अमका स्ट्रायकर आणतो तमका आणतो, निवडून आला की युरोत सही ठोकणार, दोन वर्षांनी हा जाणार आणि नवा येऊन म्हणणार की आम्हाला भंगार ताब्यात मिळालं. तुर्कीत यासाठी ठरलेलं वाक्यच आहे, 'एनकाझ देव्राल्दिक', म्हणजे आम्ही ढिगारा ताब्यात घेतला. साखर कारखान्याच्या गावचा असाल तर पुढचं मी सांगायची गरज नाही.

---

सदू_मिडफिल्डर

😂😂 गाळप बंद, चेअरमनची गाडी चालू

---

एफएमवेडा

घसरगुंडीत माझी लाडकी गिरेसुनस्पोर. काळ्या समुद्राकाठचं हेझलनटचं गाव, स्टेडियमचं नावसुद्धा हेझलनटच्या घोसावरून, चोतानाक. ४४ वर्षांनी २०२१ ला सुपर लीगमध्ये आली. ऑगस्ट २०२२ ला इस्तंबूलला जाऊन गालातासरायला त्यांच्याच घरात १-० हरवलं, आणि गालातासराय त्या वर्षी चॅम्पियन झाली बरं. आणि गिरेसुन त्याच वर्षी पडली. २०२४ ला अजून एक, २०२५ ला अजून एक. गालातासरायला हरवल्यापासून तीन वर्षांच्या आत ३. लीग. गेममध्ये मी तिला परत वर आणली पण गेममध्ये युरोचा भाव कुठे बघावा लागतो.

---

रानजाई

मला एक कळत नाही. हे सगळं वाचून तुम्हाला वर-खाली पद्धतीचं कौतुक का वाटतंय? एक वाईट वर्ष आलं की शहराचा क्लब दहा वर्षं आजारी. त्यापेक्षा बंद लीग काय वाईट, निदान क्लब जिवंत राहतो, ग्राउंड्समनचा पगार होतो. अमेरिकेत कोणी खाली पडत नाही, तिथे काय फुटबॉल मेलंय का. आणि तुम्ही सगळे पडण्याच्या गोष्टी अशा रंगवून सांगताय जणू काही पोवाडा.

---

उंडगा

ताई मुद्दा बरोबर आहे, पण मी त्या ४० हजारांत बसलो होतो. बंद लीगमधल्या शेवटून दुसऱ्या टीमच्या एप्रिलमधल्या मॅचला कोण जाईल सांगा. इथे शेवटच्या दिवशी वरच्यांपेक्षा खालच्यांची मॅच जास्त जीवघेणी असते. २००६ ला डेनिझलीस्पोरला वाचायला एक पॉइंट हवा होता आणि समोर फेनरबाहचे, त्यांना चॅम्पियन व्हायचं होतं. १-१. डेनिझली वाचली, ट्रॉफी गालातासरायकडे गेली. खालच्याने वरच्याचं वाटोळं केलं, ही मजा बंद लीगमध्ये कुठून आणणार.

---

रानजाई

आणि ती डेनिझली आता कुठे आहे?

---

एफएमवेडा

२०२१ ला सुपर लीगमधून गेली, २०२३ ला १. लीगमधून, २०२४ ला २. लीगमधून.

---

रानजाई

बघा. 🙂

---

अंजीर

उशिरा आले. मी इझमिरला राहते, नवरा इथलाच, त्यामुळे मत देण्याचा हक्क बजावते. इथले दोन क्लब, सासरघर ग्योझतेपेचं आहे आणि मोठ्या जाऊबाई कार्शियाकाच्या, त्यामुळे सणाला फुटबॉल हा विषय बंद.

१६ मे १९८१ ला या दोघांची मॅच झाली, दुसऱ्या श्रेणीतली. इझमिरच्या अतातुर्क स्टेडियमात ८० हजार माणसं! दुसऱ्या श्रेणीच्या मॅचला एवढी गर्दी म्हणून गिनीज बुकात नोंद आहे. मॅच ०-० सुटली. सासरे होते तिथे, त्यांना विचारलं काय बघितलंत, तर म्हणाले समोरच्याचं डोकं.

ग्योझतेपे १९६९ मध्ये युरोपातल्या फेअर्स कपच्या सेमीफायनलला पोचलेली टीम. तीच २००७ ला पार हौशी लीगमध्ये गेली. रानजाई ताई म्हणतात तसं बंद लीग असती तर पडलीच नसती, मान्य. पण सासरे म्हणतात हौशीच्या मैदानावर, जिथे बसायला खुर्ची नाही, तिथे आम्ही भिंतीवर बसून मॅच बघितल्या आणि २०१७ ला सुपर लीगमध्ये परत गेलो तेव्हा भिंतीवरचेच लोक सगळ्यात जास्त रडले. मग २०२२ ला पुन्हा पडली, त्याच वर्षी ७० टक्के हिस्सा परदेशी कंपनीने घेतला, इंग्लंडच्या साउथॅम्प्टन क्लबच्या मालकांनीच, आणि २०२४ ला परत वर. आता हिशेब चोख आहे म्हणतात, सासऱ्यांना मात्र पटत नाही, आपला क्लब लंडनहून चालवतात म्हणून कुरकुर करतात आणि तिकीट सगळ्यात आधी काढतात.

कार्शियाकाबद्दल लिहीत नाही, जाऊबाई मराठी शिकतायत.

---

कोल्हापुरी_लेफ्टविंग

अंजीर वैनी नाद खुळा! भिंतीवरनं मॅच बघायचं आमाला शिकवू नका, शाहू स्टेडियमवर तालमींच्या मॅचला झाडावर पण माणसं असत्यात. आमच्याकडं पण पेठेपेठेचं असंच आहे.

मला सांगा रे, तिकडं राजकारण किती घुसतंय? कुणाचा तरी वशिला लावून पडलेल्याला वर घेत्यात का?

---

उंडगा

घेतलंय की! अंकारागुजूचं ऐका. शस्त्रांच्या कारखान्यातल्या कामगारांची टीम, १९१० ची. १९८१ ला दुसऱ्या श्रेणीत असताना त्यांनी तुर्की कप जिंकला. तेव्हा लष्कराची राजवट, जनरल केनान एव्हरेन. राजधानीची टीम खालच्या श्रेणीत शोभत नाही म्हणून सरळ वर बसवली. टेबल वगैरे काही नाही, हुकूम. हाकेम पण त्यांचाच.

आणि अलीकडे कोविडच्या वर्षी, २०१९-२०, खाली जाणारे तिघं कागदावर ठरले होते आणि महासंघाने जाहीर केलं की या वर्षी कोणीच खाली नाही. त्यामुळे पुढच्या सीझनला सुपर लीगमध्ये २१ टीम झाल्या, एकेकाला ४० मॅच. वाचलेल्या तिघांत अंकारागुजू होतीच. पुढच्याच वर्षी पडली ती वेगळी गोष्ट.

फेब्रुवारी २०२३ च्या भूकंपाचं मात्र कोणी राजकारण म्हणत नाही. हतायस्पोर, गाझिआंतेप, येनी मालात्यास्पोर यांनी सीझन अर्धवट सोडला आणि त्यांना खाली पाठवलं नाही. हतायचा खेळाडू ख्रिश्चन अत्सू गेला त्यात, मालात्याचा गोलकीपर पण. इथे अजून कोणी तो विषय हलक्याने काढत नाही.

---

सदू_मिडफिल्डर

अंकारागुजू म्हणजे तीच ना जिच्या अध्यक्षाने रेफ्रीला मैदानात जाऊन ठोसा मारला?

---

उंडगा

तीच. ११ डिसेंबर २०२३, रिझेस्पोरने ९७ व्या मिनिटाला बरोबरी केली आणि अध्यक्ष थेट मैदानात. रेफ्री खाली पडल्यावर इतरांनी लाथा पण मारल्या. देशभरच्या लीग थांबवल्या होत्या आठवडाभर. त्याच सीझनला अंकारागुजू पडली, आणि २०२५ ला परत पडली. ज्या मे महिन्यात गेंचलेरबिर्लीई सुपर लीगमध्ये गेली त्याच मे महिन्यात त्याच शहरातली ही २. लीगमध्ये.

---

खडूस

उंडगा, धागा चांगला आहे पण तुम्ही फक्त गोड गोड लिहिलंत. मगर, बिया, आज्या. मार्च २०२३ ला याच बुर्साच्या स्टेडियमात आमेदस्पोरच्या खेळाडूंवर काय काय फेकलं ते लिहा की. दियारबाकिरची टीम, कुर्द लोकांची. गॅलरीत पांढऱ्या तोरोस गाडीचे फोटो धरले होते, नव्वदच्या दशकात ज्या गाड्यांतून कुर्द माणसं उचलून नेली आणि परत आली नाहीत त्या गाड्या. चौथ्या पातळीवर उतरल्याची एवढी सहानुभूती मागताय म्हणून आठवण दिली.

---

उंडगा

खडूस, लिहायला हवं होतं. मी तेव्हा इथे नव्हतो पण ती सबब नाही, मला ते ठाऊक होतं आणि टाळलं. मी एकदा कलीगला विचारलंय. तो बराच वेळ बिया सोलत बसला, मग म्हणाला मी त्या दिवशी गेलो नव्हतो. गेला असता तर काय, हे मी विचारलं नाही. आमेदस्पोर २०२४ ला आपल्या गटात चॅम्पियन होऊन १. लीगमध्ये गेली आणि त्याच सीझनला बुर्सा ३. लीगमध्ये. दियारबाकिरमध्ये हे कसं सांगत असतील त्याची कल्पना करू शकतो.

---

एफएमवेडा

सट्टेबाजीचं कोणीच काढलं नाही अजून? ऑक्टोबर २०२५ मध्ये महासंघाच्या अध्यक्षांनी सांगितलं की प्रोफेशनल लीगच्या ५७१ रेफ्रींपैकी ३७१ जणांची बेटिंग खाती आहेत, १५२ जण चालू सट्टा खेळतात. एकाने तर १८,२२७ वेळा पैसे लावलेत!! दिवसाला पाच धरले तरी दहा वर्षं.

---

सदू_मिडफिल्डर

शिट्टी कधी वाजवायचा मग?

---

हिशेबनीस

त्यानंतर नोव्हेंबरमध्ये १,०२४ खेळाडू शिस्तपालन मंडळाकडे पाठवले. त्यात सुपर लीगचे फक्त २७. बाकी कुठले ते सांगायला नको. २. आणि ३. लीग दोन आठवडे बंद ठेवाव्या लागल्या, टीम उतरवायला माणसं नव्हती. आता यात नवल काय आहे? महिनोन्महिने पगार न झालेला २२ वर्षांचा पोरगा, हातात फोन, आणि ज्या लीगमध्ये खेळतो तिच्या नावातच बेटिंग कंपनीचं नाव. गुन्हा आहेच, सोडा म्हणत नाही. पण त्याचे पगार थकवणाऱ्या अध्यक्षाला कुठल्या मंडळाकडे पाठवलं?

---

रानजाई

हा प्रतिसाद मला पटला. मी म्हणत होते ते हेच, फक्त मला ते बंद लीगच्या नावाने सांगता आलं. वर-खाली असू दे, पण हिशेब न देणाऱ्याला वरच्या मजल्यावर चढूच देऊ नका ना मुळात.

---

हिशेबनीस

कागदावर परवाना पद्धत आहे ताई. कागदावर.

---

अंजीर

वर आलेल्यांचं पण सांगा कोणीतरी, नाहीतर नवीन वाचणारा घाबरून जाईल. कोजाएलीस्पोर! १९९७ आणि २००२ ला कप जिंकलेली, २००२ च्या फायनलमध्ये बेशिक्ताशला ४-०. मग कर्जात पार हौशी लीगपर्यंत गेली, आणि २०२५ ला १६ वर्षांनी सुपर लीगमध्ये. शेजारची साकार्यास्पोर, जिथून तुर्कीचा नावाजलेला स्ट्रायकर हाकान श्युक्युर आला, ती अजून खाली अडकलीय. दोघींचा रंग हिरवा-काळा, १९९९ चा भूकंप दोन्ही शहरांनी सोसला, आणि दोघींचं एकमेकींशी अजिबात पटत नाही.

---

कोल्हापुरी_लेफ्टविंग

शेजाऱ्याशी कुणाचं पटतंय वैनी. उंडगा दादा, पटणारं पण कोण हाय का तिकडं?

---

उंडगा

आहे की, बुर्सा आणि अंकारागुजू. मला पहिल्या मॅचला कळेचना, सहाव्या मिनिटाला आख्खं स्टेडियम आपली टीम सोडून 'अंकारागुजू, अंकारागुजू' ओरडायला लागलं. मला वाटलं कुठे गोल झाला का काय. तर अंकाराच्या गाड्यांचा नंबर ०६, म्हणून सहावं मिनिट. तिकडे अंकाऱ्यात १६ व्या मिनिटाला बुर्साच्या नावाने ओरडतात, कारण बुर्साचा नंबर १६. आणि २०२५-२६ ला दोघंही २. लीगमध्ये.

---

कोल्हापुरी_लेफ्टविंग

एकमेकासमोर आलं तर काय ओरडत्यात मग?

---

उंडगा

कलीगला विचारलं. म्हणाला सहाव्या मिनिटाला आम्ही त्यांचं, सोळाव्याला ते आमचं, मधली दहा मिनिटं रेफ्रीला शिव्या, त्यात दोघांचं एकमत असतं.

बरं, ज्यांनी व्यनितून तिकिटाचं विचारलंय त्यांच्यासाठी: वरच्या दोन लीगना पासोलिग, म्हणजे तिकिटासाठीचं चाहत्याचं कार्ड लागतं, ते पासपोर्टवर काढता येतं. बुर्साला येणार असाल तर आधी कळवा, बिया मी आणतो.